चुन्याची रेघ

वनिता आमच्या घरी राहायला आली ती एक पत्र्याची पेटी, पायलीभर तांदूळ आणि सुकवलेल्या झिंग्यांची पिशवी घेऊन, आणि त्या दिवसापासून माझ्या अब्बांनी घरात मराठी बोलायला सुरुवात केली. तोवर आमच्या घरात हिंदी चालायची. बाहेरच्यांशी अब्बा मराठी बोलत, पण उंबऱ्याच्या आत आले की हिंदी. वनिता बुजू नये म्हणून त्यांनी जेवतानाही मराठी धरली. अम्मीला त्यात काही वाटलं नाही, ती दोन्ही भाषांत सारखीच रागवायची. मला मात्र वाटलं. पंधरा वर्षं या घरात मी जेवत होते, माझ्यासाठी कुणी कधी भाषा बदलली नव्हती.

नागभीडात रेल्वे लाइनीच्या अलीकडे आमचं घर होतं. पुढच्या खोलीत अब्बांचं सुतारकामाचं दुकान, मागे आम्ही. पहाटे नागपूरच्या छोट्या गाडीची शिट्टी व्हायची, मग अम्मीच्या पाट्यावर जवसाची चटणी घसटायची, आणि सहाच्या सुमाराला अब्बांचा रंधा सुरू व्हायचा. रंध्याच्या आवाजावरून मला लाकूड ओळखता यायचं. सागवानाचा आवाज लांब आणि गुळगुळीत, बाभळीचा किरकिरा. चार वर्षांची असल्यापासून अब्बा मला फळी डोळ्याला लावून एक डोळा मिटायला सांगत. ‘‘देख शम्मो, कहां टेढी है?’’ मी बोट ठेवायची आणि ते तिथेच रंधा मारायचे. शाळेत मी कशातच पहिली नव्हते, पण रेघ सरळ आहे की नाही हे मला बघताक्षणी कळायचं. ते एकच अब्बांकडून मला मिळालेलं होतं आणि ते फक्त माझं होतं.

वनिताचे बाबा अब्बांकडे बैलबंडीची चाकं दुरुस्त करायला आणत, तेवढीच ओळख. त्यांचं गाव आतल्या बाजूला, पावसाळ्यात बस बंद व्हायची. नववी-दहावीपुरती पोरगी आमच्याकडे राहील असं दोघांनी चाकाजवळ बसून ठरवून टाकलं. ती माझ्याच वर्गात, माझ्याच खाटेवर, माझ्याच बाजूला. सुट्टीत गावी जाऊन आली की टेंभरं आणायची, तेंदूची पिकून मऊ झालेली फळं, आणि अर्धी अब्बांच्या बाकावर ठेवायची. अम्मीने झिंगे-वांगे केले की अब्बा आधी तिच्या ताटाकडे बघत आणि म्हणत, ‘‘वाढ तिले, लेकराले धावा लागते.’’ धावायचं कारण म्हणजे हॉकी.

आमच्या शाळेत मुलींची हॉकी सुरू केली गेडाम सरांनी. काळेसावळे, बारीक, गळ्यात शिट्टी आणि खिशात कायम नियमांचं एक जुनं पुस्तक, ज्याचं मुखपृष्ठ त्यांनी घरच्या कॅलेंडरच्या कागदाचं केलेलं. वनिताने पहिल्याच आठवड्यात त्यांना वेड लावलं. ती चेंडू घेऊन पळायला लागली की तिच्या पाठीमागची पोर थांबून बघत राहायची. शाळेच्या काठ्या जुन्या, चिरलेल्या. एक दिवस संध्याकाळी अब्बांनी कोपऱ्यातून धामणीचं लाकूड काढलं. हे लाकूड वाकतं पण तुटत नाही, आमच्याकडे त्याची कावड करतात. अम्मीचा अंघोळीच्या पाण्याचा हंडा चुलीवर चढला, त्यात लाकडाचं टोक दोन दिवस उकळत राहिलं, अम्मी दोन दिवस बडबडत राहिली. मग साच्यात अडकवून वाकवणं, वाळवणं, रंधा, काचेच्या तुकड्याने खरवडणं. टोकाजवळ सुतळी आवळून गुंडाळली, मुठीला सायकलची ट्यूब, आणि शेवटी अम्मीच्या फोडणीच्या बरणीतलं जवसाचं तेल चोळलं. ‘‘हिले पाणी लावायचं नाई,’’ अब्बा म्हणाले. ‘‘मळली तं तेलाच्या फडक्यानं पुसायची. पाण्यानं लाकूड फुगते आन मंग फाटते.’’ हे त्यांनी वनिताला सांगितलं, पण मीही तिथेच बसले होते. मला वाटत होतं की दुसरी काठीही होईल. साचा होताच, धामणही उरली होती. आठ दिवसांनी त्या उरलेल्या तुकड्याची कुणाच्या तरी कुऱ्हाडीला मूठ झाली.

मीही संघात होते म्हणा, पण नावापुरती. पळताना मला धाप लागायची आणि माझी काठी चेंडूपेक्षा दुसऱ्यांच्या घोट्यावर जास्त बसायची. दिवाळीनंतर सरांनी मला बाजूला घेतलं. त्या दिवसांत चौकातल्या केबलवाल्याकडे नवीन वाहिन्या आल्या होत्या आणि सर त्याच्या दुकानात बसून बर्फावरची हॉकी बघून आले होते. ते इतके खूश होते की मला काढून टाकतायत हे मला अर्ध्या तासाने कळलं.

‘‘बर्फावर हॉकी, शमीम! पायात चाकू लावलेले बूट. चेंडू नाई, डबीच्या झाकणाएवढी काळी चकती. इतकी जोरात जाते का पंचालेही दिसत नाई. मंग काय केलं त्यायनं? गोलच्या मागं काचेआड एक मानूस बसवला. त्याले बाकी काहीच पाहाचं नाई. चकती अख्खी रेघेपार गेली का तो बटन दाबते आन लाल दिवा लागते.’’

‘‘मंग गोल तोच देते?’’

‘‘नाई. शेवटचा शब्द पंचाचा. पण पंच मागं राह्यला तं तो त्याले विचारते. त्यानं खरं सांगायचं, एवढंच त्याचं काम. आपणही बसवू. तुहा डोळा मिस्त्रीचा आहे. तू बसजो.’’

आमच्या मैदानी हॉकीत असा माणूस नसतो, हे सरांनाही माहीत होतं. पण त्यांच्या डोक्यात बसलं ते बसलं. लाल दिवा कुठून आणणार, म्हणून त्यांनी रेल्वे फाटकवाल्या भाऊंकडून एक जुनी लाल झेंडी मागून आणली. पहिल्या सामन्यात मी झेंडी उचलली आणि आमच्याच पोरी जिथल्या तिथे थांबल्या. रेल्वेच्या गावातल्या पोरी, लाल दिसलं की पाय आपोआप अडतात. बघायला आलेले क्वार्टरमधले लोक ओरडले, ‘‘काय झालं? कोन पडलं?’’ सरांना सगळ्यांना पुन्हा समजावून सांगावं लागलं की इथे लाल म्हणजे गोल. मला मात्र आणखी एक गोष्ट बघायची होती, जी बर्फावरच्या माणसाला बघावी लागत नाही. गोलसमोर चुन्याने आखलेलं मोठं अर्धवर्तुळ असतं, त्याला डी म्हणतात. मारणाऱ्या संघाची काठी चेंडूला डीच्या आत लागली तरच गोल. बाहेरून मारलेला चेंडू सरळ जाळ्यात गेला तरी तो गोल नाही. ‘‘आन रेघेवरून मारला तं?’’ मी विचारलं होतं. ‘‘रेघ म्हणजे आतच,’’ सर म्हणाले. हे मी त्यांच्याकडून तीनदा वदवून घेतलं होतं.

तर मी गोलच्या मागे लाकडी स्टुलावर बसायला लागले. स्टूल अब्बांनी केलेलं होतं. वनिताला धामणीची काठी आणि मला स्टूल. आज लिहिताना मला याचं थोडं हसू येतं, पण तेव्हा त्या स्टुलावर बसून मी दर संध्याकाळी तिचे गोल मोजायची, झेंडी उचलायची, आणि लोक तिच्या नावाने ओरडायचे. अब्बा दुकान लवकर बंद करून यायला लागले होते. माझ्या शाळेच्या कुठल्याही कार्यक्रमाला ते आले नव्हते. एकदा घरी जेवताना वनिता चुकून त्यांना ‘चाचा’ऐवजी ‘अब्बा’ म्हणाली. ती लाजली, अम्मी हसली, अब्बांनी तिच्या डोक्यावर टपली मारली. मी ताट सोडून उठले आणि पोट दुखतंय असं सांगितलं. ते खोटं नव्हतं.

जानेवारीत आमच्या रेल्वे मैदानावर शेवटचा सामना ठरला, चंद्रपूरच्या मुलींशी. जिंकणाऱ्या संघाला नागपूरला नेणार होते आणि तिथे निवड झाली की वसतिगृह, शिक्षण, खेळ, सगळं. वनिताच्या बाबांनी दुकानात येऊन अब्बांना स्पष्ट सांगितलं, ‘‘मिस्त्री, नागपूरले गेली तं शिकू देतो. नाई तं दहावी झाली का उन्हाळ्यात लग्न उरकतो. कुरखेड्याकडचं स्थळ आहे, लोक थांबून राह्यले.’’ दुसऱ्या दिवशी अब्बांनी सागवानाची एक पेटी करायला घेतली, पितळी कडी, आत कप्पे. वनिता नागपूरला जाईल तेव्हा पत्र्याची पेटी बरी दिसणार नाही म्हणून. खरं तर ती नागपूरला गेली असती तर माझं घर मला परत मिळालं असतं, माझी खाट, माझी हिंदी, माझे अब्बा. इतकं सोपं होतं. पण मला पेटीच दिसत होती. रोज संध्याकाळी मी त्या पेटीवरचा भुसा झाडायची आणि तिचे कोपरे डोळ्याला लावून बघायची. एकही कोपरा वाकडा नव्हता.

सामन्याला दोन्ही शाळांची एकेक मुलगी गोलमागे बसणार, जागा न बदलता, असं ठरलं होतं. मध्यंतरानंतर संघांनी बाजू बदलल्या, त्यामुळे दुसऱ्या अर्ध्यात आमचा संघ माझ्याच बाजूच्या गोलवर चाल करून येत होता. माझ्या बाजूच्या अर्ध्या मैदानाचे पंच निवृत्त पोस्टमास्तर बोरकर भाऊ, अंगाने जड, मनाने चोख. गोल कुणाचाच झाला नव्हता. वेळ संपायला दहा मिनिटं असतील, तेव्हा वनिताने मैदानाच्या मध्यावर चेंडू अडवला आणि सुटली. बोरकर भाऊ कुठेतरी मागे राहिले. तिच्यासमोर एकच पोर उरली, ती अंगावर आली, आणि वनिताने मान वर न करता काठी फिरवली. काठीच्या टोकाशी पांढरा धूर उडाला. चुना. चेंडू रेघेवर होता, रेघेच्या अगदी मधोमध. तो गोलरक्षक पोरीच्या पायाखालून निघाला आणि माझ्यापासून तीन हातांवर, गोलमध्ये अब्बांनीच ठोकलेल्या फळीवर खाडकन आदळला.

सगळं मैदान ओरडलं. पलीकडच्या रेघेवर अब्बा धावत होते, डोक्यावरची टोपी हातात घेऊन, आणि ओरडत होते, ‘‘शाब्बास बेटा! शाब्बास बेटा!’’ बेटा हा शब्द माझा होता. झेंडी माझ्या मांडीवर होती. मी ती उचलली नाही. विचार करून नाही उचलली असं म्हणता येणार नाही, हात जड झाला एवढंच आठवतं. पण त्यानंतरचं सगळं मी विचार करून केलं.

बोरकर भाऊ धापा टाकत आले. तोवर आमच्या पोरी वनिताच्या गळ्यात पडून तिथेच नाचत होत्या आणि दहा-बारा पायांखाली ती रेघ पुसून गेली होती.

‘‘काऊन वो पोरी, झेंडी काऊन नाई उचलली?’’

‘‘बाहेरून मारला, भाऊ.’’

‘‘पक्कं? माह्या डोळ्यापुढं पोरी होत्या, मले दिसलं नाई.’’

‘‘पक्कं.’’

‘‘किती बाहेर?’’

‘‘हातभर.’’

नुसतं बाहेर म्हणून भागलं असतं. हातभर मी मापून सांगितलं, सुताराच्या पोरीसारखं. भाऊंनी मान हलवली आणि गोल नाही अशी खूण केली. आमच्या पोरी माझ्यावर धावून आल्या. एकीने माझी वेणी ओढली. त्यांना बाजूला सारलं वनिताने. तिचा चेहरा उतरलेला होता, तरी ती म्हणाली, ‘‘काऊन भांडता तिच्यासंग? मी चेंडूकडे पाहून राह्यली होती, रेघ मले दिसली नाई. ती म्हणते तं बाहेरच असन. शमीमचा डोळा चुकत नाई.’’ शेवटच्या चार मिनिटांत चंद्रपूरच्या पोरींनी पलीकडच्या गोलमध्ये चेंडू घातला. दुसऱ्या शाळेच्या मुलीने झेंडी उचलली, ती मला स्टुलावरून स्पष्ट दिसली.

मला वाटलं होतं अब्बा रागावतील. ते मैदान ओलांडून थेट माझ्याकडे आले, माझा हात धरला आणि सगळ्यांसमोर वर केला. ‘‘ही माही पोरगी! आपल्याच शाळेचा, आपल्याच घरचा गोल होता, तरी नाई म्हणाली. खरं ते खरं!’’ गेडाम सरांचे डोळे भरले होते. चंद्रपूरच्या बाईंनी माझी पाठ थोपटली. घरी जाताना अब्बांचा हात सारा रस्ता माझ्या खांद्यावर होता. हलवायाच्या दुकानाशी थांबून त्यांनी जिलबी घेतली आणि पहिला वळसा मला दिला. वनिता आमच्या मागे चार पावलं चालत होती. मी दोन वर्षं जे मागत होते ते सगळं त्या संध्याकाळी मला मिळालं, आणि मी ते घेतलं. जिलबी गोड लागली, हेही सांगितलं पाहिजे.

घरी आल्यावर वनिताने काठी भिंतीशी टेकवली आणि खाटेवर पाय मुडपून बसली. ‘‘घाई झाली माही,’’ ती म्हणाली. ‘‘आणखीन एक पाऊल टाकलं असतं तं आत होती मी. एकच पाऊल, शमीम.’’ माझं लक्ष काठीकडे होतं. टोकाच्या सुतळीत चुना बसला होता, पांढराशुभ्र. अम्मी दिवा लावत होती तेवढ्यात मी काठी उचलली, मोरीत नेली आणि पाणी ओतून, नारळाच्या शेंडीने घासून घासून धुतली.

सकाळी अब्बांनी तेलाचं फडकं घेऊन काठी हातात घेतली आणि त्यांचा हात थांबला. लाकूड फुगलं होतं, सुतळीखाली केसाएवढी चीर पडली होती. ‘‘हिले पाणी कोनं लावलं?’’

‘‘मी,’’ मी म्हटलं. ‘‘मळली होती.’’

‘‘माह्यासाठी धुतली असन बिचारीनं,’’ वनिता आतून म्हणाली.

अब्बांनी सुतळीत नख घातलं. नखाला ओला चुना लागला. तो त्यांनी बोटावर चोळून पाहिला आणि मग माझ्याकडे पाहिलं, एक डोळा न मिटता, दोन्ही डोळ्यांनी. मैदानभर चुना होता. काठीला लागलेल्या चुन्याने काहीच कळलं नसतं. मी धुतली म्हणून कळलं. त्यांनी काठी उन्हात ठेवली आणि रंधा हातात घेतला. त्यानंतर बोरकर भाऊ किंवा गेडाम सर दुकानात बसून माझ्या खरेपणाची गोष्ट काढत तेव्हा अब्बा उठून करवतीला धार लावायला घेत. फळी पाहायला त्यांनी मला पुन्हा कधी बोलावलं नाही.

सागवानाची पेटी उन्हाळ्यात वनिताबरोबर गेली, पण कुरखेड्याकडे. मी तिच्या लग्नात जेवले, नाचले. मी पुढे शिकले, नोकरीला लागले, आणि आमच्या भागात मुलींचे सामने झाले की पंच म्हणून मला बोलावू लागले. ‘‘ह्या बाईंनी लहानपणी स्वतःच्या शाळेचा गोल नाकारला होता,’’ अशी माझी ओळख करून देत. मी उभी राहून ऐकत असे. त्या गोष्टीतल्या पोरीचाही मला हेवा वाटायचा, खोटं कशाला बोलू.

अब्बा गेले त्याच्या दहाव्या दिवशी वनिता आली. आता आम्ही दोघी पन्नाशीला टेकलेल्या. तिचे केस माझ्यापेक्षा काळे. ती अम्मीजवळ बसून रडली, मोकळी रडली, मला तसं रडता आलं नव्हतं. मग दुकानात आली आणि भिंतीवरची काठी बघत राहिली. चीर पडलेली ती काठी अब्बांनी इतकी वर्षं खिळ्याला टांगून ठेवली होती आणि दर दिवाळीला तेल पाजत होते. मी तिच्यासाठी चहा आणला आणि हातातली बशी खाली ठेवायच्या आधीच सांगून टाकलं. नाहीतर सांगितलं नसतं.

‘‘तो गोल होता, वनिता. चेंडू रेघेवर होता. चुना उडला होता.’’

बाहेर छोटी गाडी आता येत नाही, त्यामुळे दुकानात फारच शांत होतं.

‘‘तुनं पाह्यला होता?’’

‘‘पाह्यला होता.’’

‘‘भाताचं रोवणं करताना, सुनेवर ओरडताना, पोरीले शिकवताना, मी एकच गोष्ट सांगत आली,’’ ती म्हणाली. ‘‘घाई नोको करू. माहं सारं घाईनं गेलं. एक पाऊल थांबली असती तं दुसरीच बाई झाली असती मी.’’ तिने चहाच्या कपाकडे पाहिलं, तो उचलला नाही. ‘‘पोरगी म्हणते, आई तू लय भेते. सगळ्यात मागं राह्यते.’’

मला माफी मागायची होती. शब्द जुळवत होते तोवर ती उठली, टाचा उंचावून तिने खिळ्यावरची काठी काढली आणि पदराने पुसली. दोन्ही हातांत धरून तिने ती एकदा हवेत फिरवली, अगदी तशीच, मान वर न करता.

‘‘मंग मी घाई नोती केली,’’ ती म्हणाली. माझ्याशी नाही, काठीशी बोलल्यासारखी. ‘‘बराबर मारला होता मी.’’

बसची वेळ झाली होती. काठी नेऊ का असं तिने विचारलं नाही आणि मी नको म्हटलं नाही. दुकानाच्या दारातून मी तिला जाताना बघत होते. ती भरभर चालत होती, काठी खांद्यावर टाकून. आणि एवढं सगळं झाल्यावरही, अब्बांनी दोन दिवस उकळून वाकवलेलं ते लाकूड तिच्या खांद्यावर जाताना बघून माझ्या पोटात तीच जुनी कळ उठली.